काल्पनिक जगातल्या जलजादूची कॉपीराइट नोंदणी: पात्रता, कागदपत्रे आणि अर्ज

समजा, तुम्ही एक जग रचलं आहे. तिथे वाहत्या पाण्यातून जादू निर्माण होते. डोंगरातल्या झऱ्यापासून समुद्रापर्यंत कालव्यांचं जाळं पसरलंय आणि त्या जोरावर गावं, किल्ले, कारखाने चालतात. वह्या भरल्यात, नकाशे काढलेत. आता हे प्रकाशकाला किंवा गेम बनवणाऱ्यांना दाखवायचं म्हटलं की पोटात गोळा येतो. कुणी उचललं तर?

भारतात अशा लेखनाची नोंदणी कॉपीराइट कायदा, १९५७ खाली होते. नोंदणी सक्तीची नाही. मजकूर कागदावर उतरला की हक्क तुमचा झालाच. पण कलम ४८ नुसार नोंदवहीतली नोंद न्यायालयात प्रथमदर्शनी पुरावा, म्हणजे उलट सिद्ध होईपर्यंत खरी, धरली जाते. पुढे वाद झालाच तर हा आधार मोठा असतो, म्हणून मी तरी नोंदणी करून ठेवा असंच सांगेन.

आधी एक गोष्ट पक्की समजून घ्या, कारण बहुतेकांचा घोळ इथेच होतो. ‘वाहत्या पाण्यातून जादू मिळते’ ही कल्पना नोंदवता येत नाही. कल्पना, विषय, कथासूत्र यांवर कॉपीराइट नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने आर. जी. आनंद खटल्यात १९७८ साली स्पष्ट केलं आहे. दर सेकंदाला एक घनमीटर पाणी १० मीटर खाली पडलं तर त्यात साधारण ९८ किलोवॉट शक्ती असते. तुमच्या जाळ्याची ताकद तुम्ही या हिशेबाने ठरवली असेल, तर तो हिशेबही सगळ्यांचाच.

मग तुमचं काय? तुम्ही ते कसं मांडलंत ते. उदाहरणार्थ हे पाहा: ‘पाटकरणीने कालव्याचं दार खाली सोडलं. पाण्याचा आवाज बसत गेला, तसे खालच्या पेठेतले दिवे एकेक करून निळे पडले. शेवटचा दिवा तिच्या स्वतःच्या घराचा होता.’ ही वाक्यं, हा क्रम, ही बाई तुमची. त्यामुळे अर्जाआधी जग नीट लिहून काढा. जाळ्याचे नियम, पाणी आटल्यावर काय होतं, दारं कोण उघडतं, चोरून जादू ओढणाऱ्याला काय शिक्षा, हे सगळं सलग मजकुरात यायला हवं. डोक्यात असलेल्या जगाला संरक्षण मिळत नाही, आणि चार ओळींच्या टिपणाला जेमतेमच मिळतं.

अर्ज लेखक स्वतः करू शकतो. दोघांनी मिळून लिहिलं असेल तर दोघांची नावं लेखक म्हणून द्यावीत. नोकरीचा भाग म्हणून लिहिलेलं असेल आणि वेगळा करार नसेल, तर पहिला मालक नोकरी देणारा ठरतो. हक्क लेखी कराराने विकत घेतलेली व्यक्ती किंवा संस्थाही अर्ज करू शकते. नकाशा चित्रकाराकडून काढून घेतला असेल तर पैसे दिले म्हणजे हक्क आले असं धरून चालू नका. लेखी, सही केलेलं हस्तांतरण घ्या आणि त्यात मुदत व प्रदेश लिहा. मुदत लिहिली नाही तर ती ५ वर्षं मानतात, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत.

एका अर्जात एकच कृती चालते. कादंबरी किंवा जगाची संहिता ही साहित्यकृती, तर नकाशा कायद्याच्या दृष्टीने कलाकृती. म्हणून दोन अर्ज. शुल्क प्रत्येकी ५०० रुपये. तेच चित्र मालावर, म्हणजे कपड्यांवर किंवा खेळण्यांच्या खोक्यावर वापरायचं असेल तर २,००० रुपये, शिवाय ट्रेडमार्क नोंदणी कार्यालयाचा शोध-दाखला, म्हणजे तसं चिन्ह आधी कुणी ट्रेडमार्क म्हणून नोंदवलेलं नाही असा दाखला, लागतो. जाळ्याचं नुसतं नाव कॉपीराइटमध्ये येत नाही. त्यासाठी ट्रेडमार्कचा रस्ता वेगळा आहे.

कागदपत्रं फार नाहीत. कृतीची प्रत, अर्जदाराची सही आणि अर्जातला तपशील लागतो. अर्जदार आणि लेखक वेगळे असतील तर लेखकाचं ना हरकत पत्र लागतं. कृती प्रकाशित असून प्रकाशक दुसरा असेल तर त्याचंही. वकिलामार्फत अर्ज करत असाल तर वकीलपत्र जोडा.

अर्ज कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर ऑनलाइन भरता येतो. खातं उघडायचं, फॉर्म १४ निवडायचा, सोबतची तपशीलपत्रकं भरायची, शुल्क भरायचं. भाषेच्या रकान्यात मराठी लिहा. ‘प्रकाशित की अप्रकाशित’ हा रकाना मात्र थांबून भरा. कायद्यात प्रकाशन म्हणजे लोकांपर्यंत पोहोचवणं, फक्त छापणं नव्हे. पहिली तीन प्रकरणं तुम्ही इंटरनेटवर सर्वांसाठी टाकली असतील तर तेवढा भाग अप्रकाशित म्हणता येणार नाही. पहिल्या प्रकाशनाचं वर्ष आणि देश विचारतात, ते खरं लिहा.

शुल्क भरल्यावर डायरी क्रमांक मिळतो. तो जपून ठेवा, पुढचा सगळा माग त्यावरूनच लागतो. त्यानंतर ३० दिवस हरकतींसाठी थांबावं लागतं. या काळात कुणी हरकत घेतली तर दोन्ही बाजूंना म्हणणं मांडायची संधी मिळते. नाही घेतली तर अर्ज तपासणीला जातो. त्रुटी निघाली तर पत्र येतं आणि त्याला मुदतीत उत्तर द्यावं लागतं, म्हणून अर्जात दिलेला ईमेल रोज उघडत जा. सगळं बरोबर असेल तर नोंदणी प्रमाणपत्र मिळतं. हक्क लेखकाच्या हयातीत आणि मृत्यूनंतर पुढच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं टिकतो.

अप्रकाशित म्हणून नोंदवलेली संहिता नंतर पुस्तकरूपात आली, तर नोंदीतला बदल फॉर्म १५ भरून करून घ्यायचा. नव्या भागात नवं खोरं, नवे कालवे, नवी पात्रं आली असतील तर त्या मजकुराचा अर्ज वेगळा.