कामगार न्यायालयानंतर हायकोर्ट: बडतर्फ कामगारांचे कागद कुठे अडतात

बडतर्फीचा निवाडा विरुद्ध गेला की "अपील टाकू" असे सगळेच म्हणतात. पण हायकोर्टात असते ती रिट याचिका, राज्यघटनेच्या कलम २२६ किंवा २२७ खाली. तिथे साक्षीपुरावे नव्याने तोलले जात नाहीत. कायद्याची उघड चूक झाली का, पुराव्याशिवाय निष्कर्ष काढला का, अधिकाराबाहेर आदेश दिला का, एवढेच बघतात. खाली न आणलेला साक्षीदार वर आणू म्हणाल तर जमत नाही.

महाराष्ट्रात आणखी एक घोळ आहे. निवाड्याच्या पहिल्या पानावर प्रकरणाचा क्रमांक बघा. 'कंप्लेंट (यूएलपी)', म्हणजे अनुचित कामगार प्रथेची तक्रार असेल तर त्याविषयीच्या महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्याच्या कलम ४४ प्रमाणे आधी औद्योगिक न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करायचा, हायकोर्ट त्यानंतर. 'रेफरन्स (आयडीए)', म्हणजे औद्योगिक विवाद कायद्याखाली न्यायालयाकडे पाठवलेला वाद असेल तर थेट हायकोर्ट. चुकीच्या दारात उभे राहून वर्ष घालवणारे कमी नाहीत, आणि कोर्टाच्या खिडकीवर कोणी आपणहून सांगत नाही.

रिटला ठरावीक मुदत नाही हे खरे. त्याचा अर्थ 'सवडीने करू' असा घेतात आणि तिथेच फसतात. उशीर झाला तर त्याचे कारण याचिकेत लिहावे लागते आणि ते कोर्टाला पटावे लागते. म्हणून प्रमाणित प्रतीचा अर्ज निकालाच्या दिवशीच टाका. निवाडा, दावा, कंपनीचा जबाब, उलटतपासणी, चौकशीचे कागद लागतात. मराठी कागदांना इंग्रजी भाषांतर जोडावे लागते.

आता निवाडा तुमच्या बाजूने, कामावर परत घ्या असा लागला आहे आणि कंपनीच वर गेली आहे असे धरू. ती जाणारच. म्हणून हायकोर्टात आधीच कॅव्हिएट टाका, म्हणजे तुम्हाला न ऐकता स्थगिती मिळणे अवघड होते. कॅव्हिएट ९० दिवसच चालते, मग पुन्हा टाकावी लागते.

निवाडा १९४७ च्या, नोव्हेंबर २०२५ पर्यंत लागू असलेल्या, औद्योगिक विवाद कायद्याखालचा असेल तर कलम १७-ब तुमच्या कामाचे आहे. कंपनीची याचिका चालू असेपर्यंत तुम्हाला शेवटचा पगार दरमहा मिळायला हवा. पण तो आपोआप येत नाही. प्रतिज्ञापत्र द्यावे लागते, आणि बहुतेकांचे अर्ज तिथेच लटकतात. "मी बेकार असून हलाखीत आहे" एवढे पुरत नाही. "या काळात मी कोणत्याही आस्थापनेत नोकरीस नव्हतो" हे स्पष्ट हवे. कुठे काम केले असेल तर लपवू नका. कंपनी पीएफचा तपशील काढून आणते, आणि पुरेसा पगार मिळत होता हे सिद्ध झाले तर त्या काळाचे पैसे जातात, वर खोट्या शपथेचे लचांड मागे लागते. नातेवाइकाच्या दुकानात हात लावला म्हणजे नोकरी झाली असे मात्र घाबरू नका. बडतर्फीच्या काळातल्या थकीत पगाराच्या एका प्रकरणात कामगार सासऱ्यांच्या कोळशाच्या डेपोवर दिवस काढत होता. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये त्याला कमाईची नोकरी मानले नाही.

दुसरी अडचण पगाराच्या पुराव्याची. पगारपत्रक कोणाकडेच नसते, कंत्राटावर असलेल्यांकडे तर नाहीच. पीएफ पासबुक, ईएसआयची (कामगार राज्य विम्याची) नोंद, बँकेचे स्टेटमेंट चालते. त्याहून सोपे म्हणजे कंपनीचा खालच्या कोर्टातला जबाब वाचा. पगाराचा आकडा तिने स्वतःच कबूल केलेला सापडू शकतो.

रक्कम बघून हिरमोड होतो, कारण हिशेब बडतर्फीच्या वेळच्या पगारावर असतो, आजच्या नव्हे. जास्त हवे असेल तर कारणासह वेगळी मागणी करा. कलम २२६ खाली हायकोर्ट ती मान्य करू शकते. आणि "हरलो तर सगळे परत द्यावे लागेल" या भीतीने अर्जच न करणाऱ्यांसाठी: कलम १७-ब खाली शेवटच्या पगाराइतकी मिळालेली रक्कम निवाडा पुढे रद्द झाला तरी परत करावी लागत नाही.