पंधरा दिवसांत पुसलेली साडेआठ लाख वर्षं

स्पेलिंगप्रमाणे वाचायला गेलात तर हॅपिसबर्ग. पण तिथल्या माणसासमोर असं म्हटलंत की तो लगेच ओळखणार, पाहुणे बाहेरगावचे आहेत. गावाचं नाव लिहायचं एक आणि म्हणायचं दुसरं : हेझ्बरा. इंग्लंडच्या पूर्वेला, नॉरफोकच्या किनाऱ्यावर, उत्तर समुद्राकडे तोंड करून बसलेलं हजाराच्या आतबाहेर वस्तीचं हे खेडं. लांबून दोनच गोष्टी नजरेत भरतात. एक, पंधराव्या शतकातला सेंट मेरी चर्चचा ११० फुटी मनोरा. दुसरी, शेतांच्या मधोमध उभं असलेलं लाल-पांढऱ्या पट्ट्यांचं दीपगृह. तिसरी गोष्ट पाहायची तर गावाच्या टोकाला जावं लागतं. तिथे डांबरी रस्ता एकाएकी संपतो आणि पुढे हवा असते. खाली समुद्र.

गेल्या दोनशे-सव्वादोनशे वर्षांत या गावात जे जे घडलं, ते सगळं या तुटलेल्या रस्त्यापाशी येऊन मिळतं. इतिहास म्हणाल तर मात्र तो दोनशे वर्षांचा नाही. तो मोजायला आकडेच वेगळे लागतात.

मे २०१३. काही संशोधक सर्वेक्षणासाठी या किनाऱ्यावर आले होते. आधीच्या दिवसांतल्या दांडग्या लाटांनी कड्याच्या पायथ्याची वाळू ओढून नेली होती आणि खालचा करडा, घट्ट चिखलाचा थर उघडा पडला होता. त्या थरावर लांबट खळगे होते, बरेच, एकमेकांत मिसळलेले. लाटांनीही असे खळगे पडतात, म्हणून प्रथम कुणालाही शंकाच येईल. पण एका खळग्यात बोटांचे ठसे दिसत होते. टाच, तळव्याची कमान, चवडा असा क्रमही जुळत होता. ती माणसांची पावलं होती.

पुढचं काम म्हणजे भरती-ओहोटीशी लावलेली शर्यत. ओहोटी लागली की किनाऱ्यावर उतरायचं, खळग्यांत साचलेलं पाणी टिपून काढायचं, तोवर पाऊस यायचा, पुन्हा टिपायचं. ठसे उचलून नेण्याची सोय नव्हती. म्हणून एकाच जागेची वेगवेगळ्या कोनांतून भरपूर छायाचित्रं घेतली आणि संगणकाने ती जोडून जमिनीची त्रिमितीय प्रतिकृती तयार केली. सुमारे चाळीस चौरस मीटरच्या त्या तुकड्यावर १५२ खळगे मोजले गेले. त्यांतल्या ४९ पावलांची लांबी-रुंदी नीट घेता आली, आणि जवळजवळ पूर्ण म्हणावीत अशी निघाली १२. मे महिना संपेपर्यंत समुद्राने तो सगळा थर पुसून टाकला. आज तिथे पाहण्यासारखं काही नाही.

ही पावलं साधारण साडेआठ ते साडेनऊ लाख वर्षांपूर्वीची आहेत. आफ्रिकेबाहेर सापडलेली मानवकुळातली सर्वांत जुनी पावलं हीच.

पावलावरून माणूस ओळखायचा हिशेब सोपा आहे. पाऊल साधारणपणे उंचीच्या पंधरा टक्के असतं. हेझ्बराच्या चिखलातलं सर्वांत लहान पाऊल १४ सेंटिमीटरचं, म्हणजे उंची जेमतेम ९३ सेंटिमीटर. ते मूलच. सर्वांत मोठं २६ सेंटिमीटरचं, म्हणजे उंची १७३ सेंटिमीटर, आजच्या एखाद्या पुरुषाएवढी. वेगवेगळ्या मापांवरून निदान पाच जण होते असं दिसतं, त्यांत मोठीही आणि मुलंही. शिकारीला निघालेल्या पुरुषांची टोळी असती तर त्यात वीतभरही नसलेलं पाऊल सापडलं नसतं. बिऱ्हाडच चाललं होतं, नदीच्या काठाकाठाने, बहुतेक जण दक्षिणेच्या दिशेने. नदी म्हणजे थेम्स. आज लंडनमधून वाहणारी थेम्स तेव्हा बरीच उत्तरेकडून, याच भागातून समुद्राला मिळत होती. पुढे साडेचार लाख वर्षांपूर्वी आलेल्या प्रचंड हिमस्तराने तिला ढकलून आताच्या वाटेवर नेलं. ब्रिटन तेव्हा बेटही नव्हतं. युरोपातून चालत येता येत असे.

हे लोक कोण? हाडं सापडलेली नाहीत, त्यामुळे नाव छातीठोकपणे देता येत नाही. त्याच काळात स्पेनमधल्या अतापुएर्का इथे राहणारा होमो अँटेसेसर हा आता नामशेष झालेला मानव या पावलांचा सर्वांत संभवनीय धनी मानला जातो.

आता खरा प्रश्न. चिखलाचं वय कसं काढतात? रेडिओकार्बनची मजल पन्नास हजार वर्षांच्या आसपास संपते. इथे ज्वालामुखीची राखही नाही, नाहीतर तिच्यावरून वय मोजता आलं असतं. मग साक्षीदार गोळा करावे लागतात. पहिला साक्षीदार पृथ्वीचं चुंबकत्व. पृथ्वीचे चुंबकीय ध्रुव अधूनमधून अदलाबदल करतात. गाळ खाली बसताना त्यातल्या चुंबकीय खनिजांचे बारीक कण त्या वेळच्या ध्रुवांप्रमाणे रांग धरतात आणि पुढे तसेच राहतात. आपल्या सह्याद्रीच्या काळ्या पाषाणातही अशा उलट्या चुंबकत्वाची नोंद आहे, फक्त ती साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची. हेझ्बराच्या गाळातले कण उलट दिशेला तोंड करून आहेत. ध्रुवांची शेवटची पक्की उलटापालट झाली सुमारे ७ लाख ८० हजार वर्षांपूर्वी, म्हणजे गाळ त्याच्या आधीचा.

किती आधीचा, ते वनस्पती आणि प्राणी सांगतात. त्या थरात दक्षिणी मॅमथ आहे, पुढे नामशेष झालेला घोडा आहे, हेमलॉकसारख्या युरोपातून नंतर नाहीशा झालेल्या झाडाचे परागकण आहेत. एक जात कधी संपली आणि दुसरी कधी उगवली याच्या सीमा जुळवत गेलं की मधली फट उरते. या फटीत दोन उष्ण काळ बसतात, एक साडेआठ लाख वर्षांच्या आसपासचा, दुसरा साडेनऊ लाखांच्या. दोन्हींपैकी एकाच्या अखेरीस ही माणसं इथून गेली. आकड्यात लाखभर वर्षांचा ऐसपैसपणा आहे तो त्यामुळे.

मला यातले सर्वांत आवडलेले साक्षीदार म्हणजे भुंगेरे. प्रत्येक जातीचा भुंगेरा ठरावीक तापमानातच टिकतो. एकाच थरात पाच-सहा जाती सापडल्या की त्या सगळ्यांना सोसेल अशी तापमानाची पट्टी अगदी अरुंद उरते. इथल्या भुंगेऱ्यांनी सांगितलं : उन्हाळ्यात १६ ते १८ अंश सेल्सिअस, हिवाळ्यात शून्य ते उणे तीन. उन्हाळा आजच्यासारखाच, हिवाळा आजच्यापेक्षा कडक. या शोधांची सुरुवात फार जुनी नाही. २००० साली कुत्र्याला फिरवायला आलेल्या एका स्थानिक माणसाला इथेच चिखलात रुतलेली गारगोटीची काळी हातकुऱ्हाड मिळाली, सुमारे पाच लाख वर्षांपूर्वीची. त्यानंतर रीतसर उत्खनन सुरू झालं, जवळच्या आणखी जुन्या थरातून ७८ दगडी हत्यारं निघाली आणि २०१० मध्ये 'नेचर' या विज्ञान-नियतकालिकात निबंध आला. त्याआधी समज असा होता की इतक्या आरंभीच्या काळातला माणूस आल्प्स-पिरेनीजच्या उत्तरेला फारसा गेलाच नसावा. हेझ्बरा जवळजवळ ५३ अंश उत्तर अक्षांशावर आहे. तिथे, लांबलचक थंडीच्या रात्री, पाइन आणि स्प्रूसच्या जंगलाकडेला, चुलीचा एकही पुरावा मागे न ठेवता ही माणसं राहिली.

दगड उचलायची सवय या किनाऱ्याला जुनीच आहे म्हणा. हेन्री मूर आणि बार्बरा हेपवर्थ हे शिल्पकार १९३० आणि १९३१ च्या उन्हाळ्यात इथे सुट्टीला आले आणि किनाऱ्यावरचे लोहयुक्त दगडगोटे गोळा करून त्यांतून शिल्पं कोरली.

हे सगळं उघडं पडतं, कारण कडा पडतो. इथला कडा खडकाचा नाहीच. तळाशी जुन्या नदीचा गाळ, त्यावर हिमस्तराने आणून टाकलेली चिकणमाती, वर वाळू. पावसाचं पाणी वाळूतून सरळ खाली झिरपतं, चिकणमातीपाशी अडतं आणि आडवं वाहत कड्याच्या तोंडातून बाहेर पडतं. बाहेर पडताना वाळू घेऊन येतं. खालून लाटा पायथा कुरतडतात, वरून हे पाणी कडा पोखरतं. मग एखाद्या वादळी रात्री दहा-वीस फुटांचा लचका एकदम जातो. १६०० ते १८५० या काळात अडीचशे मीटरहून जास्त जमीन गेली असं जुन्या नोंदी सांगतात. म्हणजे हे हवामानबदलाने आणलेलं नवं संकट नाही. वाढती समुद्रपातळी जुन्या दुखण्याला जोर देते, एवढंच.

समुद्र इथे वाईट वागतो त्याला उत्तर समुद्राचा आकारही कारणीभूत आहे. तो दक्षिणेकडे निमुळता आणि उथळ होत जातो, नरसाळ्यासारखा. हवेचा दाब एक मिलिबारने उतरला की पाणी साधारण एक सेंटिमीटर चढतं. त्यात उत्तरेचा वारा पाणी रेटत नरसाळ्यात भरायला लागला आणि नेमकी उधाणाची भरती आली, की पाण्याला जायला जागा राहत नाही. ३१ जानेवारी १९५३ च्या रात्री हेच झालं. इंग्लंडमध्ये ३०७ माणसं गेली, हॉलंडमध्ये तर अठराशेहून अधिक.

किनाऱ्यापासून आत समुद्रात वाळूचे लांबट दांडे आहेत. गलबतांसाठी ते काळच. १७८९ च्या हिवाळी वादळात नॉरफोकच्या किनाऱ्यावर ७० जहाजं आणि ६०० माणसं बुडाली, तेव्हा पुढच्याच वर्षी इथे दोन दीपगृहं बांधली. दोन का? एक उंच, एक बुटकं. खलाशाला दोन्ही दिवे एकाखाली एक सरळ रेषेत दिसले की तो वाळूच्या दांड्याला वळसा घालणाऱ्या सुरक्षित वाटेवर आहे. दिवे बाजूबाजूला सरकले की वाट चुकली. ना नकाशा, ना यंत्र, निव्वळ भूमिती. १८८३ मध्ये बुटक्या दीपगृहाला कड्याने गाठलं, म्हणून ते काढून टाकावं लागलं. एकट्या उरलेल्या मनोऱ्याची ओळख पटावी म्हणून त्याला तेव्हा लाल पट्टे रंगवले. आज फोटोत शोभणारे ते पट्टे खरं तर जोडीदार गेल्याची खूण आहेत.

१९८८ मध्ये हेही दीपगृह बंद करायचं ठरलं. गाव हटून बसलं. १९९० मध्ये संसदेने त्यासाठी खास कायदा केला आणि दीपगृह एका स्थानिक न्यासाकडे आलं. ब्रिटनमधलं स्वतंत्रपणे चालवलं जाणारं हे एकमेव दीपगृह. दर तीस सेकंदांनी तीन झोत, खर्च देणग्यांवर.

दीपगृह असूनही १६ मार्च १८०१ रोजी 'इन्व्हिन्सिबल' ही ७४ तोफांची युद्धनौका इथल्या वाळूत रुतली. नावाचा अर्थ अजिंक्य. कोपनहेगनच्या मोहिमेला निघालेल्या आरमाराला गाठायला ती यार्मथहून निघाली होती. चारशेहून अधिक खलाशी बुडाले. वाहून आलेली प्रेतं गाड्यांत घालून हेझ्बराच्या चर्चच्या आवारात पुरली. ती जागा पुढे विस्मरणात गेली आणि १९८८ मध्ये पाण्याचा चर खणताना हाडं लागली, तेव्हा पुन्हा उमगली.

१९५३ च्या पुरानंतर किनाऱ्यावर लाकडी अडसर घातले होते. लाटांचा जोर मोडायचा, वाळू मागे साठू द्यायची, असा त्यांचा उद्देश. नव्वदच्या दशकात ते मोडले आणि पुन्हा बांधले गेले नाहीत. अडसर होते तोवर आवरलेला कडा त्यानंतर झपाट्याने आत आला. बीच रोडवरची घरं एकेक करून गेली. कड्यात गेलेल्या घराची भरपाई इंग्लंडच्या कायद्यात नाही. घर पाडायच्या खर्चासाठी ६,००० पौंडांपर्यंत अनुदान मिळतं. पडण्याआधी स्वतःचं घर पाडायला सरकार पैसे देतं, पण घराचे देत नाही. एका प्रायोगिक योजनेत बीच रोडवरची सर्वांत धोक्यातली नऊ घरं विकत घेऊन पाडली, तो अपवाद.

काही किलोमीटरवर, वायव्येला, बॅक्टन आहे. तिथल्या टर्मिनलमधून ब्रिटनचा सुमारे एक तृतीयांश नैसर्गिक वायू जातो. २०१९ मध्ये त्या किनाऱ्यावर १८ लाख घनमीटर वाळू ओतली गेली. लाटांनीच ती पसरवायची, अशी ही डच पद्धतीची तजवीज आहे, आणि वाळूचा ओघ आग्नेयेकडे असल्याने तिच्यातली थोडी कालांतराने हेझ्बरापर्यंतही येईल. वाळू उपयोगी पडते हे माहीत आहे, ओतताही येते. कुणासाठी ओतायची हा प्रश्न विज्ञानाचा नाही. शेकडो किलोमीटरचा मऊ किनारा बांधून काढणं परवडणार नाही, हे सरकारचं म्हणणं मला पटतं. मग गेलेल्या घरांचा भार त्या घरांत राहणाऱ्यांनीच का उचलायचा, हे पटत नाही.

त्यात अडचण अशी की लाकडी अडसर टिकले असते तर ती पावलं कुणालाच दिसली नसती. जी लाट घराखालची माती नेते, तीच खालचा थर उघडते. संशोधक मंडळी वादळानंतर किनाऱ्यावर धावतात, आणि त्याच वादळाच्या रात्री वरचं कुणीतरी सामान बांधत असतं.

गावात व्हिम्पवेल स्ट्रीट नावाचा रस्ता आहे. १०८६ च्या डूम्सडे या इंग्लंडच्या जमीनजुमल्याच्या नोंदवहीत व्हिम्पवेल हे गाव सापडतं. आता ते समुद्रात आहे.