ताब्याचे दावे : अपील आणि पुनरीक्षण

जमीन, घर किंवा वहिवाटीचा रस्ता यांच्या ताब्याबाबत खालच्या न्यायालयाने दिलेला हुकूम वरच्या न्यायालयाने तपासण्याची भारतीय कायद्यातील पद्धत. मालकी कोणाची आणि कब्जा कोणाचा, हे दोन प्रश्न कायदा वेगळे धरतो. जबरदस्तीने हुसकावलेल्याला आधी कब्जा परत मिळावा, मालकीचा वाद मागाहून चालावा, हा त्यामागचा हेतू. म्हणूनच निव्वळ ताब्याच्या निकालावर वर दाद मागण्याची वाट मुद्दाम अरुंद ठेवली आहे.

स्पेसिफिक रिलीफ कायदा, १९६३ याच्या कलम ६ खाली कब्जा गेल्यापासून सहा महिन्यांच्या आत दावा लावावा लागतो. सरकारविरुद्ध तो चालत नाही. निकालावर अपील नाही, पुनर्विलोकनही (त्याच न्यायालयाने आपला निकाल पुन्हा तपासणे) नाही. हरलेल्या पक्षाला मालकीचा स्वतंत्र दावा मोकळा असतो. उरते ते दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११५ खालचे उच्च न्यायालयातील पुनरीक्षण, म्हणजे वकिलांच्या बोलीतली ‘रिव्हिजन’. खालच्या न्यायालयाने अधिकाराबाहेर जाऊन हुकूम दिला का, असलेला अधिकार वापरायचे टाळले का, की तो वापरताना गंभीर अनियमितता केली, एवढेच तिथे पाहतात. कोणता साक्षीदार खरा वाटला, याची फेरमोजणी होत नाही.

महाराष्ट्रात शेतीच्या बाबतीत याहून जवळचे दार म्हणजे मामलतदार न्यायालय अधिनियम, १९०६. बांधावरचा गाडीरस्ता शेजाऱ्याने नांगरून काढला, वाटेवर काट्या टाकल्या, पाण्याचा नैसर्गिक प्रवाह अडवला, तर कलम ५ खाली सहा महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे दाद मागता येते. अशा प्रकरणाचा जीव बहुतेकदा स्थळपाहणीत असतो : चाकोरीच्या खुणा दिसतात का, रस्ता कुठून वळतो, शेजारचे खातेदार काय सांगतात. तहसीलदाराच्या हुकुमावर कलम २३ अपील देत नाही. मात्र हुकूम बेकायदा किंवा अयोग्य वाटल्यास जिल्हाधिकारी, किंवा अधिकार सोपवलेले असतील तर प्रांत, कागदपत्रे मागवून पक्षकारांना नोटीस देऊन तो बदलू शकतात. विरुद्ध बाजूला न कळवता केलेला पंचनामा इथे टिकणे कठीण. पण पुनरीक्षणात दिलेली स्थगिती लांबली, की सहा महिन्यांची मुदत घालून दिलेल्या या कायद्याचा अर्थच हरवतो. रस्ता पेरणीच्या तोंडावर किंवा ऊसतोडीच्या वेळी बंद राहिला, तर तो हंगाम नंतरचा कोणताही हुकूम परत देत नाही. स्थगिती देताना हे डोळ्यांसमोर असलेच पाहिजे. गोव्यात याच धर्तीचा मामलतदार न्यायालयाचा कायदा १९६६ चा आहे.

यापुढची पायरी संविधानाच्या अनुच्छेद २२७ खालची, उच्च न्यायालयाच्या देखरेखीची. खालच्या न्यायालयांना त्यांच्या अधिकाराच्या चौकटीत ठेवण्यासाठी हा अधिकार आहे आणि तो जपून वापरायचा, निव्वळ चुका दुरुस्त करण्यासाठी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्येच सांगितले. दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक हुकुमाविरुद्ध अनुच्छेद २२६ ची रिट (उच्च न्यायालयाचा विशेष आदेश मागणारी याचिका) चालत नाही, २२७ खालीच यावे लागते, हे २०१५ मध्ये ठरले.

मालकीच्या आधारे ताबा मागितला असेल तर चित्र बदलते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९६ च्या पहिल्या अपिलात पुराव्याची पूर्ण फेरतपासणी होते. कलम १०० चे दुसरे अपील उच्च न्यायालयात, आणि १९७६ च्या दुरुस्तीपासून कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच. नुसते अपील दाखल केले म्हणून हुकूम थांबत नाही, ही गोष्ट पक्षकाराला अनेकदा बेलीफ दारात आल्यावर कळते. त्याच संहितेच्या आदेश ४१, नियम ५ खाली स्थगिती वेगळी मागावी लागते. दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, कब्जा गेला आणि नंतर अपिलात हुकूमनामा फिरला, तर कलम १४४ खाली तो परत मिळतो, मधल्या काळातल्या उत्पन्नासह. त्यासाठीचा अर्ज मूळ हुकूमनामा देणाऱ्या न्यायालयातच करायचा असतो.