साधा गोंद घ्यावा की डेकुपाज मीडियम?

रुखवताचे ताट किंवा संक्रांतीच्या वाणाच्या डब्या सजवण्यासाठी नक्षीदार टिश्यू नॅपकिन न्यायला आमच्या सांगलीच्या दुकानात येणारे ग्राहक हमखास विचारतात, की घरात पांढरा गोंद असताना त्याहून महाग डेकुपाज मीडियमची (वस्तूवर नक्षीदार कागद चिकटवून ती सजवण्याच्या कलेसाठीच्या द्रावाची) बाटली घ्यायलाच हवी का. दर वेळी हवीच, असे नाही.

दोन्ही पदार्थ दिसायला दुधासारखे असून वाळल्यावर पारदर्शक होतात. पण गोंद दोन पृष्ठभागांच्या मध्ये राहून ते धरून ठेवतो, तर मीडियम कागद चिकटवते आणि त्याच्यावर थर होऊन त्याचे संरक्षणही करते. त्यामुळे पुठ्ठ्याचे मखर, लेस किंवा लाकडी पट्ट्यांचे जोड यांसाठी साधा गोंद पुरेसा आहे. लाकडाला तर तोच अधिक भक्कम. चिकटवलेला कागद उघडा राहणार असेल आणि त्याला वरचेवर हात लागणार असेल, तर मात्र मीडियम घ्यावे.

गोंदात थोडे पाणी घालून तोच वरून फिरवण्याची युक्ती अनेकांना ठाऊक आहे, आणि भिंतीवरच्या फोटोफ्रेमला ती चालतेही. नमुन्यासाठी आम्ही तसा एक ट्रे केला होता. पावसाळ्यात त्यावर ठेवलेला ओला तांब्या उचलला, तेव्हा गुलाबाची अर्धी पाकळी त्याच्या बुडाला चिकटून आली, कारण वाळलेला पांढरा गोंद ओलाव्याने पुन्हा मऊ पडतो.

मीडियमही जलरोधक नसते, हे आम्ही विक्रीआधीच सांगतो. ट्रेवर शेवटी वार्निशचा हात द्यावा आणि खाद्यपदार्थाचा थेट स्पर्श होईल तिथे हे काम करू नये. वरवर पाहता थर पंधरा-वीस मिनिटांत सुकतो, पण पूर्ण पक्का व्हायला सुमारे चार आठवडे लागतात. तोवर वस्तू एकमेकांवर रचून ठेवू नयेत.

नॅपकिनला बहुधा दोन किंवा तीन पदर असतात. त्यातला छापील पदरच वापरावा, नाहीतर खालचे पदर सुटून फुगे येतात. काचेची बरणी आधी स्पिरिटने पुसावी. घरच्या इंकजेट प्रिंटरवर काढलेल्या फोटोची शाई मीडियम लागताच पसरण्याचा संभव असल्याने लेझर प्रिंट काढून आणावी, आणि तरीही आधी एखाद्या कोपऱ्यावर कुंचला फिरवून पाहावा.