व्हानुआतू : विकास आणि सामाजिक परिवर्तन

नैर्ऋत्य पॅसिफिक महासागरातील सुमारे ८३ बेटांचा हा देश ३० जुलै १९८० रोजी स्वतंत्र झाला. २०२० च्या जनगणनेनुसार लोकसंख्या जेमतेम तीन लाख, पण देशी भाषा शंभराहून अधिक. परस्परांशी बोलायला सगळे बिस्लामा वापरतात. तिच्या जोडीला इंग्रजी आणि फ्रेंच याही राजभाषा आहेत. राजधानी पोर्ट व्हिला एफाते बेटावर, तर दुसरे शहर लुगनव्हिल सांतो बेटावर आहे. सुमारे तीन-चतुर्थांश लोक आजही खेड्यांत राहतात आणि स्वतःच्या वाडीत पिकवलेले खातात. या देशात काय बदलले हे समजून घ्यायचे तर सुरुवात जमिनीपासून करावी लागते.

१९०६ पासून ही बेटे न्यू हेब्रिडीज या नावाने ब्रिटन आणि फ्रान्स यांच्या संयुक्त अंमलाखाली होती. एकाच भूमीवर दोन पोलीस दले, दोन तुरुंग, दोन कायदेव्यवस्था आणि दोन शिक्षणपद्धती असा तो कारभार होता. परकीय रहिवाशाला कोणता कायदा लावून घ्यायचा ते निवडता येई. मूळ बेटवासीयांना मात्र ब्रिटिश किंवा फ्रेंच यांपैकी कोणतेच नागरिकत्व नव्हते, म्हणजे आपल्याच भूमीवर ते कोणत्याही देशाचे नागरिक नव्हते. त्याआधी, एकोणिसाव्या शतकात, हजारो बेटवासीयांना ऑस्ट्रेलियातील क्वीन्सलंडच्या उसाच्या मळ्यांवर नेण्यात आले होते. कित्येकांना फसवून, काहींना बळजबरीने. नव्या रोगांनी अनेक गावे ओस पाडली आणि मोकळ्या दिसणाऱ्या किनाऱ्यांवर मळेवाल्यांनी नारळ लावले.

स्वातंत्र्याची चळवळ या जमिनींवरूनच पेटली. मळेवाले किनारा सोडून आतल्या जंगलात शिरू लागले तेव्हा १९६० च्या दशकात सांतोवर जिमी स्टीव्हन्स यांच्या नेतृत्वाखाली नाग्रियामेल चळवळ उभी राहिली. १९७१ मध्ये अँग्लिकन धर्मगुरू वॉल्टर लिनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काढलेला पक्ष पुढे वानुआकू पाती म्हणून ओळखला गेला. दोन्ही चळवळींचे मूळ दुखणे एकच असूनही त्या एकमेकींसमोर उभ्या ठाकल्या. १९८० मध्ये फ्रेंच मळेवाल्यांच्या पाठबळावर सांतो फुटून निघू पाहत होते. नव्या सरकारने पापुआ न्यू गिनीचे सैनिक बोलावून ते बंड मोडले. इंग्रजी शाळेत शिकलेले आणि फ्रेंच शाळेत शिकलेले यांच्यातील दुरावा राजकारणात पुढेही बराच काळ टिकला.

पहिले पंतप्रधान लिनी यांच्या काळातील सर्वांत धाडसी तरतूद राज्यघटनेतच आहे : देशातील सर्व जमीन परंपरागत मूळ मालकांची आणि त्यांच्या वंशजांची, आणि तिच्या मालकी-वहिवाटीचा आधार परंपरेचे नियम. परकीयांची कायमची मालकी एका फटक्यात संपली. नव्याने स्वतंत्र झालेल्या देशांपैकी इतके स्पष्ट पाऊल फार थोड्यांनी उचलले. अडचण अंमलबजावणीत आली. परंपरागत मालकीला सातबाऱ्यासारखा लेखी उतारा नसतो. कोणत्या पूर्वजाने कुठे वस्ती केली, कोणते झाड कोणी लावले, जुना नाकामाल म्हणजे सभास्थान कुठे होते, या आठवणींवर हक्क ठरतो. काही बेटांवर तो आईच्या कुळाकडून येतो, काहींवर बापाच्या. वाद सुरू असलेल्या जमिनीचा भाडेपट्टा करून देण्याचा अधिकार जमीनमंत्र्याला होता, आणि या फटीतून एफातेच्या किनाऱ्याचा मोठा भाग ७५ वर्षांपर्यंतच्या पट्ट्यांनी बंगले, हॉटेले आणि प्लॉट पाडणाऱ्यांकडे गेला. अनेक गावांना मासेमारीच्या आपल्याच खाडीवर जायला वाट उरली नाही. मानवशास्त्र शिकलेले आणि व्हानुआतू सांस्कृतिक केंद्राचे संचालक राहिलेले राल्फ रेगेनवानू जमीनमंत्री झाल्यावर २०१३-१४ मध्ये कायदे बदलले : मंत्र्याचा तो अधिकार गेला आणि मालक कोण हे ठरवण्याचे काम प्रामुख्याने नाकामालकडे आले. सुधारणा उशिरा आली, आधी दिलेले पट्टे तसेच राहिले. तरी ती झाली नसती तर घटनेतील ते कलम कागदावरच राहिले असते.

वाडी आणि रोकड या दोन अर्थव्यवस्था इथे शेजारी शेजारी चालतात. कोनफळ, अळकुड्या, केळी, नीरफणस घरचे; खोबरे, कोको, कावा (जिच्या मुळांपासून गुंगी आणणारे पेय करतात ती वनस्पती) आणि गोमांस विकायचे. आठवड्याच्या शेवटी होणारा लापलाप पाहिला की हे ध्यानात येते : किसलेले कोनफळ किंवा केळे पानावर पसरायचे, वर नारळाचे दाट दूध ओतायचे, पुडी बांधून तापलेल्या दगडांत भाजायची. यातला एकही पदार्थ दुकानातून येत नाही, म्हणून राष्ट्रीय उत्पन्नाच्या तक्त्यात हे श्रम जवळजवळ दिसत नाहीत. लग्न, समेट, अंत्यविधी यांत आजही डुकरे, विणलेल्या चटया आणि कंद दिले-घेतले जातात. सरकारने २००७ हे वर्ष परंपरागत अर्थव्यवस्थेचे वर्ष म्हणून जाहीर केले, ते याच कामाला मान देण्यासाठी. डिसेंबर २०२० मध्ये देश संयुक्त राष्ट्रांच्या अल्पविकसित देशांच्या यादीतून बाहेर पडला.

रोकड मुख्यतः पर्यटनातून, परदेशी मदतीतून आणि परदेशी कामातून येते. नागरिकत्व विकूनही सरकारने मोठा महसूल मिळवला. त्यापायी युरोपीय संघाची व्हिसामुक्त प्रवासाची सवलत गमवावी लागली. २००७ पासून न्यूझीलंडच्या आणि नंतर ऑस्ट्रेलियाच्या हंगामी कामगार योजनांतून हजारो तरुण फळबागांत आणि द्राक्षमळ्यांत काम करू लागले. गावात सिमेंटच्या विटांची घरे, सौर दिवे, वेळेवर भरलेली शाळेची फी दिसते, ती या पैशातून. त्याच गावात वर्षातले कित्येक महिने वाडी बायका आणि म्हातारी माणसे सांभाळतात, आणि शिक्षक व परिचारिकाही फळे तोडायला जाऊ लागल्याने शाळा-दवाखान्यांना माणसे कमी पडतात.

स्त्रियांच्या स्थितीतील बदल सर्वांत संथ आहे. पोर्ट व्हिलाचा बाजार बायकाच चालवतात. फुलाफुलांच्या सैल झग्यांतल्या या विक्रेत्या दूरच्या गावांतून माल घेऊन येतात. संसदेत मात्र २०१२, २०१६ आणि २०२० या तिन्ही निवडणुकांत एकही स्त्री निवडून आली नाही. २०२२ मध्ये ५२ जागांपैकी एक ग्लोरिया ज्युलिया किंग यांना मिळाली. नगरपालिकांत स्त्रियांसाठी जागा राखीव ठेवल्यावर तिथले चित्र लगेच सुधारले, यावरून उणीव बायकांच्या लायकीची नव्हती हे उघड आहे. कावापानात हाच बदल वेगळ्या रूपाने दिसतो. तान्ना बेटावर संध्याकाळी पुरुष मुळे चावून पेय करतात आणि स्त्रियांना तिथे मज्जाव असतो. राजधानीत दाराशी दिवा टांगलेल्या कावाघरांत बायकाही करवंटी रिकामी करतात.

मार्च २०१५ च्या पाम चक्रीवादळाने वाड्या झोपवल्या. तरीही मृतांची संख्या वीसच्या आत राहिली. वेळेवर मिळालेला इशारा जितका उपयोगी पडला तितकीच आडोसा कुठे घ्यायचा ही जुनी जाण. मार्च २०२३ मध्ये ज्युडी आणि केव्हिन ही दोन वादळे काही दिवसांच्या अंतराने आली. १७ डिसेंबर २०२४ च्या ७.३ क्षमतेच्या भूकंपाने राजधानीतील इमारती पाडल्या. २०१९ मध्ये पोर्ट व्हिलात शिकणाऱ्या कायद्याच्या विद्यार्थ्यांनी एक मागणी मांडली : हवामानबदलाबाबत राष्ट्रांची जबाबदारी आंतरराष्ट्रीय न्यायालयाने सांगावी. सरकारने ती उचलून धरली, मार्च २०२३ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने तसा ठराव केला आणि २३ जुलै २०२५ रोजी न्यायालयाने मत दिले की हवामानाचे रक्षण करणे हे राष्ट्रांचे कायदेशीर कर्तव्य आहे.

घरच्या आघाडीवर २०१८ मध्ये आपत्ती आणि हवामानबदलामुळे विस्थापित होणाऱ्यांसाठी स्वतंत्र धोरण आले. पण समुद्राने गिळलेले गाव उचलून न्यायचे तर ते दुसऱ्या कुळाच्याच जमिनीवर वसवावे लागते, कारण बिनमालकाची जमीन या देशात नाही. तिथे सरकारी आदेश पुरत नाही. दोन्ही कुळांचे प्रमुख नाकामालात बसून देणे-घेणे ठरवतात, तेव्हाच पहिले घर उभे राहते.