साधा पीटीओ आणि इकॉनॉमी पीटीओ: फेरे तेच, रेस वेगळी

गोडी छाटणी (द्राक्षाची फळासाठीची छाटणी) झाली आणि दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत ट्रॅक्टरचे ब्लोअर (पंख्याच्या हवेने औषध फवारणारी यंत्रं) घुमू लागले की हा प्रश्न हमखास कानावर येतो: "दादा, पीटीओ इकॉनॉमीत टाकला तर हवा कमी पडेल का?"

नाही पडणार. पीटीओ म्हणजे ट्रॅक्टरला जोडलेलं यंत्र फिरवणारा मागचा शाफ्ट. साधा असो की इकॉनॉमी, तो मिनिटाला ५४० फेरेच घेतो. आतले गिअर तेवढे बदलतात, म्हणून इंजिनाला कमी पळावं लागतं. समजा, साध्यात ५४० साठी इंजिन २,००० आरपीएमवर लागतं, तर इकॉनॉमीत १,५०० वर भागतं. आकडे ट्रॅक्टरागणिक वेगळे असतात. आपल्या मीटरवरची खूण पाहावी.

घोळ होतो तो इथे. लिव्हर साध्यावरच असते आणि डिझेल वाचवायला माणूस रेस (इंजिनाचा वेग) १,६०० वर आणतो. ही इकॉनॉमी नव्हे. शाफ्ट ४३२ वर येतो, पंख्याची हवा वीस टक्के घटते. वाईट म्हणजे हे पटकन कळतही नाही. फवारणी पंपाचा रेग्युलेटर दाब धरून ठेवतो, त्यामुळे गेजचा काटा बहुधा जागच्या जागी दिसतो. आपण निश्चिंत, आणि औषध दाट पानोऱ्याच्या आत पोचत नाही. डाऊनी (केवडा रोग) तर पानाच्या खालच्या बाजूनेच शिरतो. पावसाळी हवेत अशी एक फवारणी वाया गेली, तर वाचलेल्या डिझेलची किंमत काय राहिली?

उलटी चूक यंत्राच्या जिवावर बेतते. लिव्हर इकॉनॉमीवर आणि रेस सवयीने २,००० वर! शाफ्ट ७२० ने फिरतो. पंख्याला लागणारी ताकद वेगाच्या घनाने वाढते, म्हणजे भार सव्वादोन पटीच्याही वर जातो. पीटीओ आणि ब्लोअर जोडणाऱ्या जॉइंटचा क्रॉस, ब्लोअरचा गिअरबॉक्स, पंख्याची पाती, सगळं धोक्यात.

मग इकॉनॉमी वापरायची कुठे? गनने फवारणी करताना नुसता पंप चालवायचा असेल तिथे खुशाल वापरा. ब्लोअरला मात्र विचार करून. १,५०० वर इंजिनाची ताकद कमीच असते. ट्रॅक्टरच्या अंगात जोर शिल्लक असेल तर उत्तम. छोटा ट्रॅक्टर मोठा ब्लोअर पूर्ण हवेवर ओढत असेल तर साधाच बरा. काळ्या जमिनीत रोटाव्हेटरलाही मी साधाच सांगेन. पंखा जोडल्यावर आवाज दबला, काळा धूर निघाला, रेस खाली बसली, की ट्रॅक्टरच सांगतोय असं समजा.

लिव्हर बदलायची ती पीटीओ बंद करून, पंखा पूर्ण थांबल्यावरच. ५४० फेरे म्हणजे सेकंदाला नऊ. उपरण्याचं टोक गुंडाळलं जायला तेवढा वेळ पुरतो, म्हणून जॉइंटवरचं प्लास्टिकचं कव्हर फुटलं असेल तर आधी तेवढं बसवून घ्या.