मानशीचं दार

ओहोटी लागली की गोव्यातल्या दिवाडी बेटावरच्या एखाद्या मानशीपाशी, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या दारापाशी, जाऊन उभं राहावं. लाकडी झडप आधी थरथरते, मग आतल्या पाण्याच्या रेट्यानं बाहेर ढकलली जाते आणि शेतातलं पाणी मांडवीकडे धावतं. भरती चढली की नदीचंच पाणी तिला चौकटीवर दाबून बसवतं. वीज नाही, मोटर नाही.

गोव्यातली सुमारे १८,००० हेक्टर खाजन जमीन अशा मानशींच्या आणि मातीच्या बांधांच्या भरवशावर आहे. खाजन म्हणजे नदीकाठची शेतं, भरतीच्या पातळीपेक्षा खाली. पहिल्या पावसात मातीतलं मीठ विरघळतं, ते पाणी मानशीतून काढून टाकलं की कोरगूट हे इथलं भात पेरायचं. खारट मातीत एरवीच्या भाताच्या मुळांना पाणी ओढून घेणं जड जातं. कोरगूट तग धरतं. कापणीनंतर खारं पाणी आत घेतात. त्यानं तण मरतं, मासळीही मिळते.

आमच्या शेजारचे आबा अजूनही पाण्यात बोट बुडवून जिभेला लावतात, मगच पेरणीचं बोलतात. बांधावरून चालताना नजर कुर्ल्यांच्या बिळांवर. बीळ दिसलं की वाकून चिखलाचा गोळा आत कोंबायचा आणि टाचेनं दाबायचा. तेवढ्याशा बिळातून भरतीचं पाणी झिरपतं, माती सुटत जाते, आणि एखाद्या रात्री बांध फुटतो. एकाच्या हयगयीनं अख्ख्या गावाचं भात जातं. म्हणून बांधाची राखण गावकरीकडे, म्हणजे गावाच्या सामाईक संस्थेकडे असायची. गावकरीचे रिवाज पोर्तुगीजांनी १५२६ च्या फोरालात, म्हणजे सनदेत, लिहून घेतले. रिवाज त्याहून जुने. खाजनं उभी करण्याचं श्रेय गावडा समाजाला दिलं जातं. अनुसूचित जमातीचा दर्जा त्यांना मिळाला तो २००३ मध्ये.

मला सलतं ते पुढचं. मानशीवरच्या मासेमारीचा लिलाव होतो. तो घेणाऱ्याला खारं पाणी जास्त हवं, भात लावणाऱ्याला कमी. दार किती वेळ उघडं ठेवायचं हे गाव ठरवायचं. १९६४ च्या कूळ कायद्यानं कसणाऱ्याला हक्क दिला, ते योग्यच झालं; पण बांधाची जुनी व्यवस्था मोडली आणि तिच्या जागी आलेली बऱ्याच गावांत नीट उभीच राहिली नाही.

फुटलेला बांध वेळेत सांधला नाही की शेतात खारफुटी रुजते. बांधाबाहेर तीच खारफुटी लाटा अडवते, तिला जपायलाच हवं. पण शेतात वाढली तरी परवानगीशिवाय तिला हात लावता येत नाही. आबांच्या भावाचं शेत असंच गेलं. फेरीबोटीतून जाताना आबा हात करून दाखवतात. ओहोटीला झाडांच्या मुळांमधून जुन्या मेरेची रेघ अजून दिसते.